मारिया श्राडर पाहिलीय का कुणी?

रानजाई

मंडळी, हा धागा बरेच महिने मनात होता. ‘अनऑर्थोडॉक्स’ इथल्या निम्म्या लोकांनी २०२० च्या लॉकडाऊनमध्ये पाहिली असेल. चार भागांची ती नेटफ्लिक्सवरची मालिका, ब्रुकलिनच्या विल्यम्सबर्गमधल्या कर्मठ ज्यू वस्तीतून बर्लिनला पळून जाणाऱ्या एस्टीची. त्यात लग्नानंतर एस्टीचे केस कापतात ते दृश्य आठवतंय? डोक्यावरून मशीन फिरतंय, बटा गळून पडताहेत आणि कॅमेरा तिच्या चेहऱ्यावरून हलतच नाही. ती हसायचा प्रयत्न करते, मग डोळे भरतात, मग पुन्हा हसते. शिरा हासचे ते खरे केस होते. म्हणजे रीटेक नाहीच, जे मिळेल ते एकदाच. तेव्हा मला वाटलं होतं, हे ज्या कुणी चित्रित केलंय त्या व्यक्तीला कॅमेऱ्यापुढे बसणं म्हणजे काय ते आतून माहीत आहे.

शोधलं तर दिग्दर्शिकेचं नाव मारिया श्राडर, आणि फोटो पाहिल्यावर लक्षात आलं की अरे, हिला तर आपण ओळखतो! पुण्यात बोट क्लब रोडला मॅक्सम्युलर भवनात जर्मन शिकत होते तेव्हा बाईंनी ‘कायनर लीप्ट मिश’ (माझ्यावर कुणाचंच प्रेम नाही) दाखवला होता. त्यातली फॅनी फिंक हीच. तिशीला टेकलेली, विमानतळावर बायकांची झडती घेणारी, आणि फावल्या वेळात स्वतःची शवपेटी स्वतः बनवणारी! डोरिस डोरीचा १९९४ चा सिनेमा. आमच्या अख्ख्या बॅचला ती शवपेटी आठवते, व्याकरण कुणालाच आठवत नाही.

थोडक्यात ओळख करून देते. जन्म १९६५, हानोव्हर. अभिनयाचं शिक्षण व्हिएन्नाच्या माक्स राइनहार्ट सेमिनारमध्ये. सुरुवातीची वर्षं डानी लेव्ही या स्विस दिग्दर्शकाबरोबर, नुसती नटी म्हणून नव्हे तर सहलेखिका म्हणूनही. म्हणजे ‘नटी होती, मग उतारवयात दिग्दर्शनाकडे वळली’ असं तिच्याबाबतीत म्हणता येत नाही. लिहिणं पहिल्यापासून होतं. १९९९ मध्ये ‘एमे उन्ट यागुआर’साठी बर्लिन महोत्सवात अभिनयाचं रौप्य अस्वल (यूलियाने क्योलरबरोबर विभागून). स्वतंत्र दिग्दर्शन २००७ च्या ‘लीबेसलेबेन’पासून. तो इस्रायली लेखिका झेरुया शालेव हिच्या कादंबरीवर होता आणि मला विचाराल तर फसला होता. मग थेट २०१६ मध्ये श्टेफान त्स्वाइग या लेखकावरचा ‘फोर देअर मोर्गनरोटे’. मग ‘अनऑर्थोडॉक्स’ आणि एमी पुरस्कार. २०२१ ला ‘इश बिन डाइन मेन्श’. २०२२ ला हॉलिवुडमध्ये ‘शी सेड’.

माझं म्हणणं एवढंच की या बाईच्या सिनेमात बोलणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्याचा चेहरा जास्त दिसतो. हे मला दुसऱ्या कुणाच्यात इतकं जाणवलं नाही. तुमचं काय मत?

टवाळ

वाचतोय. पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत.
(शवपेटीचा क्लास कुठे लावायचा?)

गिरगावकर

छान धागा. ‘अनऑर्थोडॉक्स’ पाहिली, आवडली, पण बर्लिन जरा जास्तच गोंडस दाखवलंय असं नाही का वाटलं? मुलगी विमानातून उतरते काय, कॅफेत देखणी मुलं भेटतात काय, लगेच तळ्यावर पोहायला काय! आपल्याकडे गावाहून पळून आलेल्या मुलीला दादर स्टेशनवर कुणी असं भेटत नाही. विल्यम्सबर्गचा भाग मात्र अस्सल वाटतो. घरं, कपडे, जेवणाचं टेबल, सगळं.

रानजाई

@गिरगावकर, बर्लिनबद्दल शंभर टक्के मान्य. ती संगीतशाळेतली मित्रमंडळी जाहिरातीतून आल्यासारखी वाटतात. मूळ आत्मकथन डेबोरा फेल्डमनचं, पण बर्लिनचा भाग लेखिकांनी नव्याने रचलाय आणि तिथे शिवण दिसते.

तळ्याच्या दृश्याचं मात्र मी रक्षण करणार. ते वानझे. तिथे तो मुलगा सहज पलीकडचा बंगला दाखवतो आणि सांगतो की १९४२ मध्ये याच ठिकाणी ज्यूंच्या संहाराची योजना ठरली. एस्टी विचारते, आणि तरी तुम्ही इथे पोहता? मग ती कपड्यांनिशी पाण्यात शिरते आणि डोक्यावरचा विग काढून सोडून देते.

आता हे वाचा. ‘एमे उन्ट यागुआर’ खऱ्या गोष्टीवर आहे. दुसऱ्या महायुद्धातलं बर्लिन, नाझी सैनिकाची बायको आणि चार मुलांची आई लिली वुस्ट, आणि तिच्या प्रेमात पडलेली, नाव बदलून राहणारी ज्यू मुलगी फेलिस श्रागेनहाइम. फेलिसची भूमिका मारियाची. ऑगस्ट १९४४ मध्ये दोघी हाफेल नदीवर पोहायला जातात, फोटो काढतात, हसतखिदळत घरी येतात, तर दारात गेस्टापो, नाझींचे गुप्त पोलीस. फेलिस परत आलीच नाही. आणि वानझे म्हणजे त्या हाफेलचाच फुगवटा! एकाच पाण्यात २१ वर्षांच्या अंतराने, एकदा स्वतः उतरलेली आणि एकदा दुसरीला उतरवलेली. तिने हे ठरवून केलं असा माझा दावा नाही. पण मला ते एकदा दिसलं ते दिसलंच.

मांडवीकाठ

अंगावर काटा आला.

मला त्या मालिकेतली यिद्दिश भाषा फार आवडली. अर्धवट कळते, अर्धवट निसटते. जर्मन शिकलेल्यांना ती किती कळते हो?

रानजाई

@मांडवीकाठ, चाळीसेक टक्के कळल्यासारखं वाटतं, आणि मग एक हिब्रू शब्द येतो की गाडी घसरली. पुणेकर पहिल्यांदा मडगावच्या बाजारात उभा राहिला की जसं होतं ना, अगदी तसं. आपल्याला वाटतं कळलं, आणि भलतीच मासळी पिशवीत पडते :)

मांडवीकाठ

हा हा! फक्त ‘कोंकणी म्हणजे मराठीचीच बोली’ या वळणावर नेऊ नका, नाहीतर धागा पाचशेवर जाईल.

टवाळ

पॉपकॉर्न घेऊन बसलो होतो, निराशा केलीत.

आषाढपाणी

रानजाई, ऐकणाऱ्याच्या चेहऱ्याचा मुद्दा नीट उलगडा ना. उदाहरण द्या एखादं. नाहीतर ‘दिग्दर्शिका अभिनेत्री आहे म्हणून अभिनय चांगला’ हे आपण रेणुका शहाणेंपासून नंदिता दासपर्यंत सगळ्यांबद्दल म्हणतोच.

रानजाई

रास्त प्रश्न. त्स्वाइगच्या सिनेमापासून सुरू करते, तो तिचा सर्वांत चांगला सिनेमा आहे असं माझं ठाम मत.

श्टेफान त्स्वाइग हा ऑस्ट्रियन ज्यू लेखक, त्या काळात जगभर वाचला जाणारा. हिटलरमुळे देश सुटला. फेब्रुवारी १९४२ मध्ये ब्राझीलमधल्या पेट्रोपोलिसला बायको लोटेबरोबर आत्महत्या केली. चरित्रपट म्हटला की आपल्याला बालपण, संघर्ष, यश, पतन असा जिना अपेक्षित असतो. इथे जिना नाही. प्रस्तावना, चार प्रसंग आणि उपसंहार, बस. मधली वर्षं गाळलेली. लेखक लिहिताना तर जवळजवळ दिसतच नाही!

पहिला मोठा प्रसंग १९३६ चा, बुएनोस आइरेसमधली लेखकांची पेन परिषद. पत्रकार त्याला घेरून विचारताहेत की जर्मनीचा निषेध करा, आत्ता, इथे. तो करत नाही. त्याला नाझी प्रिय आहेत म्हणून नव्हे. सुरक्षित खोलीत बसून, जिथे सगळेच सहमत आहेत तिथे, निषेध करण्यात कसलं धाडस, असं त्याचं म्हणणं. पुढे सभागृहात निर्वासित लेखकांची नावं वाचली जातात, त्यात त्याचंही नाव. लोक उभे राहून टाळ्या वाजवताहेत आणि योजेफ हाडर (म्हणजे त्स्वाइग) खाली बघत, चेहरा लपवत बसलेला. भाषण दुसऱ्याचं, दृश्य याचं. हाडर ऑस्ट्रियात विनोदी कलाकार म्हणून प्रसिद्ध आहे, त्याच्याकडून हे काढून घेणं सोपं नाही.

दुसरा प्रसंग तर मला पाठ आहे. बाहियामध्ये उसाच्या मळ्यात एका गावचा महापौर पाहुण्यांचं स्वागत करतो. घामाच्या धारा, मळलेला सूट, महापौराची तारांबळ. (आपल्याकडच्या कुठल्याही हारतुऱ्यांच्या समारंभाची आठवण येईल. फक्त शाल-श्रीफळ तेवढं नाही.) आणि पाहुणे ऑस्ट्रियाचे म्हणून गावातला बँड ‘ब्लू डॅन्यूब’ वाजवायला घेतो. बेसूर, धापा टाकत. तुम्ही हसायला लागता. मग कॅमेरा त्स्वाइगच्या तोंडावर जातो आणि तुमचं हसू जागच्या जागी थांबतं. ज्या युरोपची राख झालीय त्याचं गाणं त्याला उसाच्या मळ्यात, मोडक्या बँडवर ऐकायला मिळतंय. त्या दोन मिनिटांत त्याला एकही वाक्य नाही.

असं दृश्य लिहिणाऱ्याला सुचतं हे खरं, पण ते कापायच्या वेळी ‘इथे एखादा संवाद टाकूया का’ असा मोह आवरायला नट असावं लागतं असं मला वाटतं. गप्प राहून काम करता येतं हा अनुभव नटालाच.

जुना_दर्दी

धागा उशिरा पाहिला. आम्ही फिल्म सोसायटीवाली पिढी, त्यामुळे जर्मन म्हटलं की आमच्या डोळ्यांपुढे मार्गारेटे फॉन ट्रोटा. तीही मूळची नटीच, फासबिंडर आणि श्लोंडोर्फ या दिग्दर्शकांकडे काम केलेली. १९७५ ला श्लोंडोर्फबरोबर ‘कातारिना ब्लुम’चं सहदिग्दर्शन, आणि १९८१ ला ‘डी ब्लायअर्न त्साइट’ला व्हेनिसचा सुवर्णसिंह. त्या काळी आपल्याकडे फिल्म सोसायटीत सबटायटल नसलेली प्रिंट आली तर कुणीतरी उभं राहून कथा सांगायचं!

ट्रोटाबाईंच्या ‘रोझेनश्ट्रासे’मध्ये (२००३) ही श्राडर आहे. नातं लक्षात घ्या. ट्रोटा राजकीय विचार पुढे ठेवते, पात्रं त्या विचारासाठी झगडतात. श्राडर विचार पुढे ठेवतच नाही, असं मला तुमच्या वर्णनावरून वाटतंय. हा गुण की पळवाट?

आणि नटी-दिग्दर्शिका म्हणताना लेनी रीफेनश्टालला विसरू नका. तीही डोंगरपटांतली नटी होती. १९३२ ला स्वतः दिग्दर्शन केलं, आणि मग हिटलरच्या दावणीला.

रानजाई

काका, रीफेनश्टालचं नाव येणार हे ठाऊक होतं, जर्मन दिग्दर्शिकांचा धागा तिच्याशिवाय पुरा होत नाही. तिच्यावर वेगळा धागा काढा, मी भांडायला येईन. इथे नको.

गुण की पळवाट, हा प्रश्न मात्र बोचला. तुम्हीच ‘शी सेड’ पाहून सांगा.

अनवट

‘शी सेड’ मी थिएटरात पाहिलाय, जेमतेम दहाजण होतो. अमेरिकेतही पडला म्हणतात तो. न्यूयॉर्क टाइम्सच्या दोन पत्रकार, जोडी कँटर आणि मेगन टूही, निर्माता हार्वी वाइनस्टीनच्या लैंगिक अत्याचारांचं प्रकरण खणून काढतात, ऑक्टोबर २०१७ मध्ये बातमी छापून येते. प्रामाणिकपणे सांगते, मला तो सपाट वाटला. फोन, फोन, कॅफेत भेट, पुन्हा फोन. विषय एवढा धगधगता आणि सिनेमा कार्यालयीन टिप्पणीसारखा.

रानजाई

@अनवट, अर्धं मान्य. शेवटचा अर्धा तास वेळापत्रकासारखा चालतो, हॉलिवुडच्या चौकटीत तिचा हात आखडलाय हे दिसतं. पण हॉटेलच्या कॉरिडॉरचं दृश्य? वाइनस्टीनचं खरं ध्वनिमुद्रण आहे, एका मॉडेलला खोलीत यायला दरडावतोय, गळ घालतोय. पडद्यावर मात्र नुसता रिकामा कॉरिडॉर. गालिचा, बंद दारं, सावकाश पुढे सरकणारा कॅमेरा. माणूस नाहीच. अत्याचाराचा एकही प्रसंग तिने उभा केलेला नाही, आणि तो माणूससुद्धा दिसतो तो पाठमोरा. सगळी घटना बायकांच्या सांगण्यातून, आणि ते ऐकणाऱ्या दोघींच्या चेहऱ्यावर. सामंथा मॉर्टनचा तो कॅफेतला प्रसंग पुन्हा बघ. ती बोलते, झोई कझान नुसती ऐकते. तुला ‘फोन, फोन’ वाटलं ते मला तिथेच सिनेमा वाटतं.

आणि काका, पळवाट नाही म्हणेन मी. बलात्कार ‘दाखवून’ निषेध करणारे सिनेमे आपण खूप पाहिले. न दाखवणं हीसुद्धा भूमिकाच झाली ना?

अनवट

कॉरिडॉर मान्य. बाकी माझं मत कायम :)

अलिबागकर

विषयाला थोडा फाटा फोडतो. ‘अनऑर्थोडॉक्स’ पाहून आमच्या घरी सगळ्यांना वाटायला लागलं की ज्यू म्हणजे यिद्दिश, फरची टोपी आणि विग. अरे, आपल्या कोकणातले बेने इस्रायल काय? शनिवारी घाणा बंद ठेवायचे म्हणून ‘शनिवार तेली’. घरात मराठी, सणाला मलिदा, आणि बायबलातल्या गोष्टींवर चक्क मराठी कीर्तनं. आमच्या शेजारच्या घरातली मंडळी इस्रायलला गेली त्याला पन्नास वर्षं झाली असतील. तिकडूनही मराठी नियतकालिक निघायचं, त्याचं नाव ‘मायबोली’. आजी सांगायची, शेजारच्या काकू डोक्यावर पदर घ्यायच्या, झालं. विग वगैरे प्रकार काकूंना दाखवला असता तर खो खो हसल्या असत्या.

मालिका वाईट म्हणत नाही. ती सतमार या एका पंथाची आहे, एवढं प्रेक्षकाने लक्षात ठेवलं पाहिजे.

मांडवीकाठ

हा प्रतिसाद वेगळा धागा मागतोय. काढाच.

आषाढपाणी

+१

तो रोबोवाला सिनेमा राहिला की!

रानजाई

राहिला कसा, मुद्दाम शेवटी ठेवला होता. ‘इश बिन डाइन मेन्श’. शब्दशः ‘मी तुझा माणूस’. आपल्याकडे गावाकडच्या बायका नवऱ्याला ‘माझं माणूस’ म्हणतात ना, तो अर्थ इथे फुकटात मिळतो. जर्मनमध्ये ‘मान’ म्हणजे पुरुष आणि ‘मेन्श’ म्हणजे मनुष्यप्राणी. आणि हे वाक्य जो म्हणणार तो मुळात माणूसच नाही, यंत्र आहे. नावातच सगळी गंमत.

आल्मा बर्लिनच्या पेर्गामोन संग्रहालयात कीलाकार लिपीवर काम करणारी संशोधक. संशोधनाला पैसे मिळावेत म्हणून ती तीन आठवडे एक यंत्रपुरुष घरी ठेवायला कबूल होते. तिच्या आवडीनिवडींवरून बनवलेला टॉम. तो जर्मन बोलतो पण इंग्रजी हेलाने, कारण आल्माला जरा परका पुरुष आवडतो अशी नोंद! डॅन स्टिव्हन्स इंग्रज नट आहे, त्याचं जर्मन खरोखरच अस्खलित आहे, आणि त्याच्या हेलाचं असं कारण कथेत रचून टाकलंय. टॉम एकदा टबात गुलाबाच्या पाकळ्या, मेणबत्त्या, वाइन असा थाट मांडून ठेवतो. ९३ टक्के जर्मन बायकांचं हेच स्वप्न असतं म्हणे. आल्मा विचारते, मग मी कशात? तो क्षणभर हिशेब करून सांगतो, उरलेल्या ७ टक्क्यांत.

हसू येतं, पण हसूनच संपत नाही. आल्माचं जन्माचं संशोधन दुसऱ्या कुणी आधीच छापलंय हे त्या यंत्राला काही क्षणांत कळतं, आणि ती कोसळते तेव्हा तिला धरायला तेच यंत्र. घरी बापाची स्मृती चाललेली. इथेही तेच पाहा: टॉमचं मुख्य काम काय, तर ऐकणं. आल्माला चीड कसली येते, तर तो फारच नीट ऐकतो याची!

जर्मनीच्या राष्ट्रीय पुरस्कारांत त्याला चार लोला मिळाल्या, सर्वोत्कृष्ट चित्रपट आणि दिग्दर्शन धरून. आणि बर्लिन महोत्सवात त्या वर्षी नट-नटी असा भेद काढून अभिनयाचा एकच मुख्य पुरस्कार प्रथमच दिला गेला, तो मारेन एगर्टला, म्हणजे आल्माला. १९९९ ला जे अस्वल मारियाने स्वतः घेतलं तेच आता तिच्या नटीच्या हातात.

टवाळ

मी ९३ टक्क्यांत येतो का हे बायकोला विचारलं. आधी नळ दुरुस्त कर म्हणाली.

जुना_दर्दी

परवा रात्री त्स्वाइगचा सिनेमा पाहिला. मुलाने लॅपटॉप जोडून दिला. बँडवर तुम्ही लिहिलंत ते खरंच, पण शेवटच्या आरशाबद्दल एक शब्द लिहिला नाहीत! कॅमेरा खोलीत एका जागी उभा. पोलीस, शेजारी, मोलकरीण येताहेत जाताहेत. पलंग आपल्याला दिसतच नाही. मग कुणीतरी कपाटाचं दार उघडतं, त्यावरचा आरसा फिरतो आणि क्षणभर त्यात ती दोघं. कुजबुज, प्रार्थना, वेगवेगळ्या भाषा. मी पळवाट म्हणालो होतो ते मागे घेतो. सत्तरी ओलांडल्यावर मत बदलायला मिळालं, ही चैनच.

बाई नटी म्हणून अजून काम करते का?

रानजाई

काका, आरसा मुद्दामच लिहिला नव्हता, तुमच्यासाठी राखून ठेवला :) (आता तुम्हीच फोडलात, बाकीच्यांनी क्षमा करावी.)

हो, दिग्दर्शन सुरू झाल्यावरही अभिनय चालूच राहिला. ‘डॉइचलांड ८३’ (२०१५) बघा, पूर्व जर्मनीच्या गुप्तचर खात्यातली लेनोरा राउख. सख्ख्या भाच्याला हेर म्हणून पश्चिमेत ढकलते, आणि त्याच्या आजारी आईला मूत्रपिंड मिळेल की नाही हे त्याच्या कामावर ठरणार. पुढे ८६ आणि ८९ असे आणखी दोन हंगाम आले. त्या मालिकेच्या निर्मात्यांतली ॲना विंगर, तीच पुढे ‘अनऑर्थोडॉक्स’ घेऊन मारियाकडे आली. म्हणजे आपण एमीपर्यंत पोचलो ते या आत्याबाई-मावशीबाईंच्या कृपेने. (लेनोरा मावशी. नक्की. आईची बहीण.)

बर्लिनवासी_मंदार

वाचनमात्र असतो, पण या धाग्यामुळे लिहितोय. रविवारी मुलीला घेऊन वानझेला गेलो होतो. निकोलासझे स्टेशनला उतरून चालत, किनाऱ्याच्या तिकिटाला ही रांग. बटाट्याच्या चिप्सचा वास, वेताच्या आडोशाच्या त्या खुर्च्या, पोरांचा कालवा. पूर्वी दहादा गेलो असेन, कधी पलीकडे बघितलं नव्हतं. या वेळी बघितलं. झाडीतून बंगल्यांची छपरं दिसतात, त्यातलं ते नेमकं कुठलं हे मी शोधत बसलो. मुलीने विचारलं, बाबा, काय बघताय? मी म्हटलं, एक घर. ती म्हणाली, मग पाण्यात कधी उतरायचं?

उतरलो.

रानजाई

…

पाणी गार होतं का?

बर्लिनवासी_मंदार

चांगलंच. मुलगी तासभर बाहेर यायला तयार नव्हती.